शिक्का कंपनीचा, काम आलिस गींचं

चित्रपट संपला की पडद्यावर नावांची रांग लागते. दिग्दर्शक, लेखक, छायाचित्रकार, मग साहाय्यक, त्यांचे साहाय्यक, चहापाण्याची व्यवस्था पाहणारे. शेकडो नावं वर सरकत असतात आणि आपण तोवर दाराशी पोचलेलो असतो. ही यादी बहुतेकांना कंटाळवाणी वाटते. पण ती नसती तर? हातात फक्त फिल्मचा एक गुंडाळा आहे, त्यावर कुणाचंच नाव नाही, आणि ज्यांनी तो चित्रपट केला त्यांच्यापैकी कुणी हयात नाही. मग तो कुणाचा, हे ठरवायचं कसं?

२०२४च्या पॅरिस ऑलिम्पिकच्या उद्घाटन सोहळ्यात फ्रान्सच्या इतिहासातल्या दहा स्त्रियांचे सोनेरी पुतळे उभे राहिले. त्यांतला एक होता आलिस गी यांचा. १८९६ ते १९२० या काळात फ्रान्स आणि अमेरिकेत त्यांनी शेकडो चित्रपट लिहिले, दिग्दर्शित केले किंवा करवून घेतले. लहान-मोठे सगळे धरले तर आकडा हजाराच्या आसपास जातो, असं मानलं जातं. सिनेमाच्या इतिहासातल्या त्या पहिल्या स्त्री दिग्दर्शक. तरीही कित्येक दशकं इतिहासाच्या पुस्तकांत त्यांना जागा नव्हती, आणि जिथे त्यांचे चित्रपट होते तिथे शेजारी भलत्याचंच नाव होतं.

‘बाई होत्या म्हणून डावललं’ हे उत्तर चटकन सुचतं. ते चूक नाही, पण अर्धं आहे. डावलणारा माणूस प्रत्येक वेळी समोर असतोच असं नाही. पुष्कळदा धंद्याची रीतच अशी असते की नाव आपोआप गळून पडतं. ते कसं गळतं आणि परत कसं सापडतं, हे आलिस गींच्या कारकिर्दीत पायरीपायरीने पाहता येतं.

टपाल आधी, चित्रपट नंतर

आलिस यांचा जन्म १८७३ साली पॅरिसजवळच्या सँ-माँदे इथला. वडिलांचा चिलीमध्ये पुस्तकांचा व्यवसाय होता. तो बुडाला, वडील वारले आणि घरखर्चासाठी आलिस लघुलेखन व टंकलेखन शिकल्या. १८९४ साली छायाचित्रणाचं साहित्य विकणाऱ्या एका कंपनीत त्यांना सेक्रेटरीची नोकरी लागली. तिथले अधिकारी लेओं गोमाँ यांना ही मुलगी फारच लहान वाटली. वय वाढतंच, ते आपोआप बरं होणारं दुखणं आहे, अशा अर्थाचं उत्तर देऊन आपण नोकरी मिळवली, असं त्यांनी आठवणींत लिहून ठेवलं आहे. पुढच्याच वर्षी गोमाँ यांनी ती कंपनी स्वतःकडे घेतली. त्यांच्या भागीदारांत मनोरा बांधणारे गुस्ताव्ह आयफेलही होते.

मार्च १८९५मध्ये लुमिएर बंधूंनी पॅरिसमध्ये मोजक्या निमंत्रितांना आपलं यंत्र दाखवलं. कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार भिंतीवर हलताना दिसले. बघणाऱ्यांत गोमाँ होते आणि त्यांच्या सेक्रेटरीही होत्या. लवकरच गोमाँ यांची कंपनीही हलती चित्रं टिपणारे कॅमेरे विकू लागली. आता कॅमेरा विकायचा तर तो काय करू शकतो ते गिऱ्हाइकाला दाखवायला हवं. म्हणून संचलन, रेल्वेगाडी, रस्त्यावरची वर्दळ असे तुकडे टिपले जायचे. माल होता कॅमेरा. चित्रपट हा त्याचा नमुना.

आलिस यांना हे तुकडे रटाळ वाटत. वडिलांच्या दुकानामुळे पुस्तकांत वाढलेल्या या मुलीने मालकांना विचारलं, मी एखादा छोटा प्रवेश लिहून मैत्रिणींकडून करवून घेऊ का? गोमाँ यांनी परवानगी दिली, पण टपालाच्या कामात खंड पडता कामा नये, या अटीवर.

बेलव्हील भागात कंपनीच्या कार्यशाळेजवळ एक पडीक गच्ची होती. खाली डांबरी जमीन, वर खिळखिळं काचेचं छत. पंख्यांवर चित्रं काढणाऱ्या एका स्थानिक कारागिराने पडदा रंगवला, सुताराने लाकडी कोबी कापून दिले, कपडे भाड्याने आले. फ्रान्समध्ये लहान मुलांना सांगतात की बाळं कोबीच्या गड्ड्यात सापडतात. तोच विषय घेऊन ‘कोबीची परी’ हा चित्रपट तयार झाला: परी येते, कोबीच्या आडून बाळं काढते आणि प्रेक्षकांना दाखवते. आज उपलब्ध असलेला हा चित्रपट साधारण वीस मीटर लांबीचा आहे. म्हणजे जेमतेम एका मिनिटाचा.

पुढे कंपनीच्या चित्रपट-निर्मितीचा सगळा भार आलिस यांच्यावर आला. गोष्ट सुचवायची, पात्रं निवडायची, नेपथ्य उभं करायचं, कॅमेरामनला सांगायचं. ‘दिग्दर्शक’ नावाचं पद अजून नीट अस्तित्वातही नव्हतं, तेव्हा त्या ते काम करत होत्या. हुद्दा नसलेल्या कामाची नोंद कोण ठेवणार? नाव गळण्याची पहिली फट इथेच आहे.

मीटरवर विकलेली गोष्ट

दुसरी फट धंद्याच्या व्यवहारात होती. आज चित्रपटगृह चित्रपट विकत घेत नाही; ठरावीक काळापुरता तो दाखवण्याचा हक्क घेतं. १९०७च्या सुमारास पाथे कंपनीने भाड्याची पद्धत पुढे रेटण्याआधी चित्रपट सरळ विकले जात, आणि तेही लांबीच्या हिशेबाने, मीटरवर. जत्रेत तंबू ठोकणारा खेळवाला कंपनीच्या सूचिपत्रातून क्रमांक निवडायचा, पैसे मोजायचा आणि रिळं घेऊन जायचा. गिरणीच्या कापडाच्या थानावर गिरणीचा शिक्का असायचा, माग कुणी चालवला हे दुकानात कुणी विचारत नसे. चित्रपटांचं तसंच होतं.

शिक्का मात्र जपला जायचा. कारण रिळाची चोरून प्रत काढणं सोपं होतं. पाथे कंपनी आपला कोंबडा चक्क नेपथ्यात कुठेतरी टांगून ठेवायची. प्रत काढणाऱ्याने सुरुवातीचा तुकडा कापला तरी कोंबडा पडद्यावर दिसायचाच. गोमाँ यांची खूण होती डेझीचं फूल. पडद्यावर फूल दिसे, कोंबडा दिसे. माणसाचं नाव दिसत नसे.

या पद्धतीचा एक धागा आपल्याकडेही येतो. १९१०-११च्या सुमारास दादासाहेब फाळके यांनी मुंबईत येशू ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला आणि आपल्या देवादिकांच्या कथा अशाच पडद्यावर का येऊ नयेत, हा विचार त्यांच्या मनात घर करून बसला. पुढे ‘नवयुग’ मासिकात त्यांनी हे सविस्तर लिहिलं. तो ख्रिस्तपट आलिस गींनी १९०६ साली केलेला होता, असं काही अभ्यासक सांगतात. काहींच्या मते तो पाथे कंपनीचा. एकाच विषयावर अनेक कंपन्यांचे चित्रपट बाजारात फिरत होते आणि दिग्दर्शकाचं नाव मिरवण्याची रीत नव्हती, तेव्हा हा वाद राहणारच. भारतीय चित्रपटाच्या मुळाशी असलेला चित्रपट कुणाचा, हा प्रश्नही शेवटी त्याच शिक्क्याशी येऊन थांबतो.

आधी गाणं, मग चित्रीकरण

आलिस गींचं काम ‘पहिली स्त्री’ या बिरुदापुरतं नव्हतं, हे कळायला त्यांचे बोलके चित्रपट पाहावेत. बोलपट १९२७ साली आला असं आपण धरून चालतो. पण गोमाँ यांच्या कंपनीने १९०२मध्येच चित्राला आवाजाची जोड देणारं यंत्र लोकांपुढे आणलं होतं. त्याचं नाव क्रोनोफोन. त्यासाठी आलिस यांनी शंभरहून अधिक छोटे संगीतपट केले. माय्योल आणि द्रानेम यांच्यासारखे पॅरिसच्या रंगमंचावरचे लोकप्रिय गायक त्यांत आहेत.

यात अडचण अशी होती की तेव्हा ध्वनिमुद्रणासाठी मायक्रोफोन आणि विजेवरचे ध्वनिवर्धक नव्हते. आवाज नोंदवायचा तर गायकाला ध्वनिमुद्रण यंत्राच्या कर्ण्यात तोंड घातल्यासारखं उभं राहून गावं लागे. आणि कॅमेऱ्याला तर गायक मोकळा, हावभाव करणारा हवा. दोन्ही एकाच वेळी जमत नाही. मग काम दोन टप्प्यांत व्हायचं. आधी नुसतं गाणं तबकडीवर नोंदवायचं. नंतर तीच तबकडी वाजवायची आणि गायकाने तिच्याबरहुकूम ओठ हलवत कॅमेऱ्यासमोर अभिनय करायचा. हिंदी-मराठी चित्रपटातलं गाणं आजही याच क्रमाने चित्रित होतं.

दाखवताना वेगळीच कसरत. प्रक्षेपक सभागृहाच्या मागे आणि तबकडीचं यंत्र पुढे पडद्यापाशी. दोन्हींच्या मोटारी विजेच्या तारेने अशा जोडलेल्या की त्या एकाच गतीने फिराव्यात. तरी मागे-पुढे झालंच, तर चालक कळ फिरवून चित्राची गती किंचित कमी-जास्त करी. आवाज शेवटच्या रांगेपर्यंत पोचावा म्हणून दाबलेल्या हवेच्या झोताने तो वाढवला जाई.

१९०५ सालचा एक छोटा चित्रपट आज उपलब्ध आहे. त्यात पॅरिसच्या ब्यूत-शोमाँ भागातल्या कंपनीच्या काचेच्या स्टुडिओत असंच एक चित्रीकरण चाललेलं दिसतं. मोठे कर्णे, नटनट्यांचा घोळका, आणि या सगळ्यांत लांब झग्यातली एक बाई ये-जा करते आहे, सूचना देते आहे. त्या आलिस गी. गोमाँ कंपनीत असताना पडद्यावर नाव न येणाऱ्या दिग्दर्शिकेचा हा कामावरचा चालता-फिरता पुरावा आहे.

डोहाळे लागलेली बाई

त्यांची नजर कशी होती ते पाहायला १९०६ सालचा एक विनोदी चित्रपट पुरतो. गरोदर बाई नवऱ्याबरोबर फिरायला निघाली आहे. नवरा बाबागाडी ढकलत मागे. बाईला डोहाळे अनावर झालेत. वाटेत लहान मुलीच्या हातातली गोळी दिसते, ती हिसकावते. कॅफेत बसलेल्या माणसाचा मद्याचा पेला उचलते. भिकाऱ्याचा मासा पळवते, फेरीवाल्याचा पाइप ओढते. प्रत्येक चोरीनंतर नवऱ्याची तारांबळ उडते. शेवटी बाई कोबीच्या वाफ्यात पडते आणि तिथेच बाळ होतं.

यातली खरी गंमत कॅमेऱ्याच्या जागेत आहे. त्या काळी कॅमेरा बहुधा नाटकाच्या प्रेक्षकासारखा दूर बसायचा. माणूस डोक्यापासून पायापर्यंत दिसायचा. इथे मात्र प्रत्येक चोरीनंतर चित्र बदलतं आणि बाई कमरेपासून वर, जवळून दिसते. ती डोळे मिटून गोळी चोखते, धूर सोडते. गोष्टीच्या दृष्टीने हे कुठलीच नवी माहिती देत नाही. फक्त तिचं सुख आपल्याला दाखवतं. पात्राच्या मनात काय चाललंय हे दाखवायला जवळचं दृश्य वापरायचं, ही गोष्ट आज इतकी अंगवळणी पडली आहे की ती कुणाला तरी कधीतरी सुचली असेल हेच आपण विसरतो.

त्याच वर्षीच्या ‘स्त्रीवादाचे परिणाम’ या चित्रपटात पुरुष शिवण-इस्त्री करतात, मुलं सांभाळतात. बायका कॅफेत सिगारेट ओढत बसतात आणि येणाऱ्या-जाणाऱ्या पुरुषांना छेडतात. शेवटी पुरुष बंड करतात. वरवर पाहिलं तर स्त्रीवादाची टर. पण प्रेक्षक हसतो ते नेमकं कशाला? रोज बायकांच्या वाट्याला येणारं वागणं पुरुषांच्या वाट्याला आलेलं पाहून. टीका करायची आणि ती थट्टेत गुंडाळायची, हे कसब इथे दिसतं.

आणि हेच वर्ष ख्रिस्तपटाचं. पंचवीस प्रवेश, सुमारे तीनशे लोकांचा जमाव, अर्ध्या तासाहून अधिक लांबी. चित्रकार जेम्स तिसो यांनी काढलेल्या बायबलमधल्या प्रसंगांच्या आधारे दृश्यं रचली होती. बहुतेक चित्रपट काही मिनिटांत आटोपत होते, त्या काळात हा पसारा प्रचंडच.

अटलांटिकपलीकडची मालकीण

१९०७मध्ये आलिस यांनी कंपनीतल्याच हर्बर्ट ब्लाशे यांच्याशी लग्न केलं आणि दोघं अमेरिकेला गेली. पॅरिसमधलं त्यांचं पद लुई फुयाद यांच्याकडे गेलं. फुयाद यांना लेखक म्हणून पुढे आणलं होतं आलिस यांनीच. पुढे ‘फाँतोमास’सारख्या गुन्हेगारी मालिकांनी ते जगप्रसिद्ध झाले.

१९१० साली आलिस यांनी न्यूयॉर्कजवळ स्वतःची ‘सोलॅक्स’ ही कंपनी काढली आणि १९१२मध्ये न्यू जर्सीतल्या फोर्ट ली गावी एक लाख डॉलरहून अधिक खर्चून स्टुडिओ बांधला. हॉलिवूडचा बोलबाला होण्याआधी अमेरिकी चित्रपटधंदा इथेच एकवटला होता. स्टुडिओत मोठ्या अक्षरांत पाटी होती: सहज वागा. नाटकी हातवाऱ्यांच्या जमान्यात नटांना रोज नजरेला पडेल अशी ही सूचना.

‘गळणारी पानं’ या १९१२च्या चित्रपटात क्षयाने आजारी मुलीबद्दल डॉक्टर सांगतात, शेवटचं पान गळेल तोवर ती जाईल. हे ऐकलेली धाकटी बहीण रात्री बागेत जाते आणि पानं दोऱ्याने फांद्यांना बांधू लागते. त्याच वर्षी त्यांनी ‘मूर्ख आणि त्याचा पैसा’ हा कृष्णवर्णीय कलाकारांना घेऊन केलेला चित्रपटही काढला. सगळी पात्रं कृष्णवर्णीय असलेल्या, आज उपलब्ध चित्रपटांतला हा सर्वांत जुन्यांपैकी एक मानला जातो.

मग बाजार पालटला. छोट्या चित्रपटांची जागा तास-दीड तासाच्या खर्चिक चित्रपटांनी घेतली, धंदा कॅलिफोर्नियाकडे सरकला आणि लहान कंपन्या मोडीत निघाल्या. नवरा हॉलिवूडला निघून गेला. १९२०नंतर आलिस यांच्या हातून एकही चित्रपट झाला नाही. स्टुडिओ लिलावात गेला, घटस्फोट झाला आणि १९२२मध्ये दोन मुलांना घेऊन त्या फ्रान्सला परतल्या. तिथे पन्नाशीच्या उंबरठ्यावरच्या बाईला काम द्यायला कुणी तयार नव्हतं. ‘मी हे हे केलंय’ असं सांगायचं तर दाखवायला एकही रीळ हाताशी नव्हतं. १९२७मध्ये त्या रिळं शोधायला पुन्हा अमेरिकेला जाऊन आल्या. हात हलवत परतल्या.

पुस्तकात दुसऱ्याचं नाव कसं चढतं

रिळं गेली कुठे? तेव्हाची फिल्म नायट्रेटची असे. ती भडकन पेटते आणि न पेटली तरी काही वर्षांत चिकट होऊन कुजते. शिवाय तिच्यावरच्या थरात चांदी असते. चित्रपट जुना झाला की भंगारात घालून चांदी काढून घेणं हा सरळ व्यवहार होता. मूकपटांचा मोठा भाग असाच संपला.

वस्तू गेली की उरतो कागद. १९३० साली गोमाँ यांनी आपल्या कंपनीचा इतिहास सिद्ध केला. त्यात १९०७पूर्वीच्या चित्रपट-निर्मितीचा उल्लेखच नव्हता. म्हणजे आलिस यांचा सगळा काळच वगळला गेला. त्यांनी पत्र लिहून चूक दाखवली, गोमाँ यांनी दुरुस्तीची तयारीही दाखवली. पण ती छापून येण्याआधी १९४६ साली ते वारले.

मग आले इतिहासकार. जॉर्ज सादूल यांच्यासारख्या अभ्यासकांपुढे सूचिपत्रं होती आणि जुन्या माणसांच्या आठवणी होत्या. नाव नसलेला चित्रपट दिसला की त्या कंपनीतल्या ओळखीच्या पुरुषाच्या नावावर तो घालणं सोपं होतं. आलिस यांचा ख्रिस्तपट त्यांचे साहाय्यक व्हिक्टोरँ जासे यांच्या नावावर गेला. एका पुस्तकात चूक झाली की पुढची दहा पुस्तकं तीच उतरवतात. बाई असणं आड आलं ते इथे: रिकाम्या जागी कुणाचं नाव असेल याचा अंदाज बांधताना बाईचं नाव कुणाच्या मनातच आलं नाही.

नाव परत कसं मिळतं

हा शोध गुन्ह्याच्या तपासासारखा चालतो. कंपनीच्या सूचिपत्रात प्रत्येक चित्रपटाचा क्रमांक, लांबी आणि कथासार असतं. सापडलेलं रीळ त्याच्याशी ताडून पाहतात. फिल्मच्या कडेची छापील अक्षरं आणि भोकांचा आकार यांवरून काळ ठरतो. तोच रंगवलेला पडदा, तेच नट दोन चित्रपटांत दिसले तर ते एकाच स्टुडिओतले. यांना व्यापारी मासिकांतल्या बातम्या आणि पत्रव्यवहार जोडला की चित्र स्पष्ट होतं.

हीच कसोटी आलिस यांच्या स्वतःच्या आठवणींनाही लावावी लागते. ‘कोबीची परी’ १८९६ची, असं त्या सांगत. आज असलेलं रीळ सूचिपत्रानुसार १९००च्या सुमाराचं ठरतं. त्यांनी जपलेल्या एका छायाचित्रात त्या स्वतः पुरुषी वेषात, दोन मैत्रिणींमध्ये उभ्या आहेत. पण ते १९०२ सालच्या, याच कल्पनेवरच्या दुसऱ्या चित्रपटाशी जुळतं. साठ वर्षांपूर्वीच्या आठवणीत तीन चित्रपट एकमेकांत मिसळले असणं शक्य आहे. पहिला कथापट कुणाचा, हा वादही त्यामुळे फारसा उपयोगाचा नाही. लुमिएर यांचा माळ्याची फजिती दाखवणारा विनोदी तुकडा १८९५चा आहेच. त्या पहिल्या की दुसऱ्या यापेक्षा एका व्यक्तीने दहाएक वर्षं एका मोठ्या कंपनीचं कथाचित्रांचं खातं उभं केलं आणि चालवलं, हे महत्त्वाचं. त्यावर आज वाद नाही.

१९५०च्या दशकात गोमाँ यांच्या मुलाने, लुई गोमाँ यांनी, जाहीर व्याख्यानात आलिस यांचं श्रेय मान्य केलं आणि फ्रान्स सरकारने त्यांना ‘लेजियों द’ऑनर’ हा सन्मान दिला. १९६८ साली, ९४व्या वर्षी, न्यू जर्सीत त्यांचं निधन झालं. आत्मचरित्र प्रसिद्ध झालं १९७६मध्ये. त्यानंतर अभ्यासकांनी जगभरच्या संग्रहांत शोध घेतला आणि आजवर सुमारे दीडशे चित्रपट त्यांच्या नावावर परत आले आहेत. बाकीच्यांसाठी अजून कपाटं उघडायची आहेत, आणि त्यातल्या कित्येकांची चांदी कधीच काढून घेतली गेली आहे.

थोडक्यात

- आलिस गी (१८७३–१९६८): गोमाँ कंपनीतल्या सेक्रेटरी, पुढे कंपनीच्या चित्रपट-निर्मितीच्या प्रमुख, आणि अमेरिकेत सोलॅक्स कंपनीच्या मालकीण.
- नाव का राहिलं नाही: चित्रपट मीटरवर विकले जात; त्यांवर कंपनीचा शिक्का असे, दिग्दर्शकाचं नाव नसे.
- पुरावा का गेला: नायट्रेटची फिल्म जळते, कुजते, चांदीसाठी ती भंगारातही जाई.
- दुसऱ्याचं नाव का चढलं: कंपनीच्या इतिहासात १९०७पूर्वीचा काळ गाळला गेला आणि रिकाम्या जागा अंदाजाने भरल्या गेल्या.
- नाव कसं मिळतं: सूचिपत्रं, फिल्मच्या कडा, नेपथ्य, छायाचित्रं आणि पत्रव्यवहार एकमेकांशी ताडून.
- काय पाहावं: ‘कोबीची परी’, डोहाळकरणीचा विनोदी चित्रपट, ‘स्त्रीवादाचे परिणाम’ आणि ‘गळणारी पानं’. चारही चित्रपट आज उपलब्ध आहेत, आणि सगळे मिळून तासाभराच्या आत पाहून होतात.